मशीद बंदरचे स्टेशन आणि आमची गोणी

मुंबईचा घाऊक बाजार कोठे आहे, असे कोकणातल्या एखाद्या लहान दुकानदाराला विचारून पाहा. चकला स्ट्रीट, नागदेवी, अब्दुल रहमान स्ट्रीट, मिरची गल्ली अशी नावे तो सांगत बसणार नाही. "मशीद बंदर" एवढेच सांगेल. म्हसळ्याचा, मुरुडचा, खेडचा व्यापारी पनवेलला किंवा ठाण्याला उतरून लोकल धरतो ती याच स्टेशनासाठी. मुंब्रा-कौशाचा, कुर्ल्याचा, गोवंडीचा कारागीर आठवड्यातून दोन-तीनदा येथेच उतरतो. मोठ्या शहराच्या मोठ्या बाजाराला लागलेले हे स्टेशन मात्र लहान आहे. दोन फलाट हार्बरचे, दोन मुख्य मार्गाच्या धीम्या गाड्यांचे. जलद गाड्या येथे थांबत नाहीत, धडधडत निघून जातात. सीएसएमटीहून सुटणाऱ्या माणसाला हे पहिलेच स्टेशन लागते, म्हणून त्याच्या लेखी त्याला किंमत नाही. आमच्या लेखी आहे, आणि या पानावर आम्ही त्याचाच विषय घेतला आहे.

नावाविषयी आधी थोडे सांगून टाकतो, कारण आमच्या अनेक बांधवांचा येथे समज चुकीचा असतो. ज्या मशिदीवरून हे नाव पडले ती मुसलमानांची मशीद नव्हे. ते बेने इस्राएल ज्यूंचे प्रार्थनामंदिर, शार हरहमीम. सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी ते १७९६ साली बांधले. हे गृहस्थ कंपनी सरकारच्या फौजेत होते, टिपू सुलतानाच्या कैदेत पडले आणि सुटून आल्यावर त्यांनी हे मंदिर उभारले असे सांगतात. लोक त्याला मशीदच म्हणत. जवळच्या सॅम्युएल स्ट्रीटचे नावही त्यांचेच. बेने इस्राएल म्हणजे आपल्याच कुलाब्याच्या किनाऱ्यावरचे, घाण्यावर तेल काढणारे, शनिवारी काम बंद ठेवणारे म्हणून 'शनवार तेली' म्हटले गेलेले मराठी बोलणारे कारागीर. तेव्हा या स्टेशनाच्या नावात कारागिराचा वाटा पहिल्यापासून आहे. २०२४ साली राज्य मंत्रिमंडळाने मुंबईच्या काही स्टेशनांची नावे बदलण्यास मंजुरी दिली, त्यात शेजारच्या सँडहर्स्ट रोडला 'डोंगरी' सुचवले गेले. मशीदचे नाव त्या यादीत नव्हते. बरे झाले. पाटी बदलण्याला लागणारा रंग आणि मेहनत जिन्याला लागली तर अधिक चांगले.

आता मूळ मुद्दा. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी गेली, ती याच वाटेने. पण ही रेल्वे केवळ माणसे नेण्यासाठी घातली गेली नव्हती. दख्खनचा कापूस बंदराला आणावा, यासाठी विलायतेतील गिरणीवाल्यांनी तिचा आग्रह धरला होता. वाडी बंदर, कर्नाक बंदर येथे रेल्वेच्या मालधक्क्यांवर गासड्या आणि पोती उतरत. हार्बरचा रस्ताही त्याच कारणाने निघाला. १९१० साली कुर्ल्याहून रे रोडपर्यंत आलेली ही शाखा बंदराच्या कामासाठी होती. ३ फेब्रुवारी १९२५ रोजी देशातली पहिली विजेवरची गाडी बोरीबंदरहून कुर्ल्यास हार्बर मार्गाने गेली तीही मशीदवरूनच. म्हणजे माल आधी आणि माणूस मागून, असा या लोहमार्गाचा इतिहास आहे. आज त्याच मार्गावर हातात गोणी घेतलेला माणूस नकोसा झाला आहे, हे आम्हाला सांगायचे आहे.

बाजाराचेही बरेच स्थलांतर झाले, हे आम्ही नाकारत नाही. कांदा-बटाटा गेला, मसाला गेला, धान्य गेले, भाजी आणि फळे गेली. १९८०च्या आणि १९९०च्या दशकांत हे बाजार टप्प्याटप्प्याने वाशी-तुर्भ्याला नेण्यात आले. लोखंडाचा मोठा भाग कळंबोलीला गेला. तेव्हा पुष्कळ जाणकारांनी भाकीत केले होते की आता मशीद बंदर संपले. संपले नाही. सुकामेवा येथेच राहिला. खजूर, मिरची-मसाल्याचे किरकोळ-घाऊक, अत्तर, प्लास्टिक, खेळणी, स्टेशनरी, हत्यारे, मशीनचे सुटे भाग, विजेचे सामान, पॅकिंगच्या पिशव्या, मिठाईचे खोके, सारे येथेच आहे. जो बाजार ट्रकाने चालत होता तो वाशीला गेला. जो बाजार माणसाच्या डोक्यावरून आणि हातगाडीवरून चालतो तो येथे राहिला. आणि जो येथे राहिला त्याला स्टेशनाची गरज पूर्वीपेक्षा अधिक आहे.

येथे येणाऱ्या लहान माणसाचा हिशेब जरा समजून घ्या. गोवंडीच्या खोलीत आरीकाम करणारा कारागीर घ्या, किंवा मुंब्र्यात शाळेची दप्तरे शिवणारा घ्या. त्याच्याकडे महिन्याचा माल एकदम भरण्याइतके भांडवल नाही आणि भरला तर ठेवायला जागा नाही. ज्या खोलीत काम, त्याच खोलीत चूल आणि त्याच खोलीत झोप. म्हणून तो दोन-तीन दिवस पुरेल एवढेच मोती, टिकली, कटदाणा नेतो, किंवा रेक्झिनचा एक गुंडाळा, चेनचे बंडल, बकलांची पिशवी नेतो. ते संपले, तयार माल गेला, पैसे हातात आले की पुन्हा येतो. त्याची फेरी म्हणजे त्याचे गोदाम. आणि ही फेरी स्वस्त आहे म्हणून त्याचा धंदा चालतो. महिन्याचा दुसऱ्या वर्गाचा पास एकदा काढला की फेऱ्या कितीही करा. हीच फेरी टेम्पोने करायची म्हटली तर एका फेरीचे भाडे दोन दिवसांच्या मजुरीत निघणार नाही. बँकेत त्याची पत नाही, व्याजाच्या कर्जात शिरायची त्याची इच्छा नाही. त्याच्या भांडवलाची उणीव रेल्वेचा पास भरून काढतो. शहराच्या नियोजनात हे कोणी लिहिलेले आम्ही वाचले नाही, पण मुंबईची निम्मी कारागिरी या एका गोष्टीवर उभी आहे असे आमचे मत आहे.

मोबाइलवर ऑर्डर देऊन घरपोच माल मागवता येतो, मग गोणी उचलायची कशाला, असे आमच्या मुलाबाळांच्या पिढीतले लोक विचारतात. मागवता येतो, खरे आहे. पण मोत्याचा रंग फोटोत एक दिसतो आणि हातात दुसरा येतो. खजूर दाबून पाहावा लागतो, मिरचीचा वास घ्यावा लागतो. आणि उधारी? पंधरा वर्षांची ओळख असलेला शेठ 'घेऊन जा, जुम्म्याला दे' म्हणतो, तो समोर गेल्यावर म्हणतो. पडद्यावर बोट ठेवून अशी उधारी मिळत नाही.

या माणसाची लोकलमधली जागा म्हणजे सामानाचा डबा, आपण ज्याला लगेजचा डबा म्हणतो. दाराशी मोकळी जागा, भिंतीच्या कडेला थोडी बाके, आत कोळणींच्या टोपल्या, भाजीचे हारे, डबेवाल्यांच्या फळ्या आणि आपली गोणी. त्या डब्याला वास आहे, गोंगाट आहे, कधी भांडणे आहेत. पण तेथे माणसाला कोणी "ही पेटी घेऊन वर का आलास" असे विचारत नाही. बारा डब्यांच्या गाडीत एवढ्याच जागा आमच्या, आणि त्यावर आता दोन बाजूंनी गदा येत आहे.

पहिली गोष्ट वातानुकूलित गाड्यांची. मुंबईत पहिली वातानुकूलित लोकल २५ डिसेंबर २०१७ रोजी पश्चिम रेल्वेवर धावली, पुढे मध्य रेल्वेवरही अशा गाड्या आल्या. मे २०२२ मध्ये एकेरी तिकिटाचे दर निम्म्याने उतरवल्यावर त्यांना प्रवासी मिळू लागले. गार हवेला आमचा विरोध असण्याचे कारण नाही. उन्हाळ्यात कोणाला ती नको असते? परंतु आतापर्यंत धावलेल्या या गाड्यांत सामानाचा डबाच नाही. वेळापत्रकात एक साधी गाडी काढून तिच्या जागी वातानुकूलित गाडी घातली, की त्या वेळेला गोणीवाल्याची गाडी रद्द झाली असे समजावे. रेल्वेच्या कागदावर फेऱ्यांची संख्या तेवढीच राहते. फलाटावर उभ्या असलेल्या माणसाला मात्र एक गाडी सोडून पुढच्या गाडीची वाट पाहावी लागते, आणि पुढच्या गाडीच्या लगेज डब्यात दोन गाड्यांचा माल चढतो.

दुसरी गोष्ट ज्येष्ठ नागरिकांच्या डब्याची. वृद्धांना लोकलमध्ये स्वतंत्र जागा मिळावी म्हणून मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका झाली, आणि रेल्वेने ती जागा देण्याचे मान्य केले. ते योग्यच झाले. गर्दीत चढणाऱ्या म्हाताऱ्या माणसाचे हाल आम्ही रोज पाहतो, त्यात आमचेही वडीलधारे असतात. पण रेल्वेने ही जागा काढली कोठून? सामानाच्या डब्यातून. २०२५ साली माटुंग्याच्या कारखान्यात एका लोकलच्या लगेज डब्याचे रूपांतर करून ज्येष्ठांचा डबा तयार करण्यात आला, आणि हळूहळू इतर गाड्यांतही तसे करण्याचे ठरले. त्यामागे कारण असे दिले गेले की लगेज डब्यात सामानवाले थोडे आणि साधे प्रवासीच जास्त असतात. वा! डब्यात परके घुसतात, त्यांना कोणी उतरवत नाही, आणि मग परकेच जास्त दिसतात म्हणून डबा काढून घ्यायचा. भाडेकरूने ओसरी बळकावली म्हणून मालकाचे घर जप्त करावे, तसला हा न्याय झाला. वृद्धांना जागा द्यावी आणि ती पुरेशी द्यावी. फक्त ती देताना आमच्या डब्याला हात लावण्याआधी, सकाळी दहा ते एक आणि सायंकाळी पाच ते आठ या वेळात मशीद, भायखळा, कुर्ला येथे सामान घेऊन चढणारे किती, याची मोजणी झाली पाहिजे होती.

या विषयाला ९ जून २०२५ नंतर आणखी एक बाजू आली आहे. त्या सकाळी मुंब्र्याजवळच्या वळणावर, समोरासमोरून जाणाऱ्या दोन गच्च भरलेल्या लोकलच्या दारांत लोंबकळणारे प्रवासी खाली पडले. चार जण त्याच दिवशी गेले, कित्येक जखमी झाले. मुंब्रा हे आमच्या वाचकांचे गाव. तेथून रोज सकाळी दारात उभे राहून येणारे लोक आमच्यातलेच. त्यानंतर रेल्वेने जाहीर केले की यापुढे मुंबईच्या नव्या गाड्यांना आपोआप बंद होणारी दारे असतील. यावर आमचे मत स्पष्ट आहे. दारे बंद झालीच पाहिजेत. गोणी चुकली तर पुढच्या गाडीने जाईल, माणूस परत येत नाही. आमच्या व्यापारी संघटनांतून कोणी जर 'दारे उघडी ठेवा, आम्हाला माल चढवता येत नाही' अशी मागणी करणार असेल तर तिला आमचा पाठिंबा नाही.

पण दार बंद होणार म्हटल्यावर गाडी किती वेळ उभी राहणार, हा प्रश्न लगेच उभा राहतो. मशीदला लोकल अर्धे मिनिटही थांबत नाही. आज गोणीवाला काय करतो? गाडी पूर्ण थांबण्याआधी गोणी आत ढकलतो आणि सुटतासुटता स्वतः लटकतो. हे धोक्याचे आहे, पण आज माल चढतो तो याच रीतीने. उद्या दार वेळेवर उघडेल आणि वेळेवर बंद होईल. तेवढ्या वेळात तीन माणसे उतरायची, पाच चढायची आणि चार गोण्या आत घ्यायच्या. तेव्हा डब्याचे दार रुंद हवे, फलाट आणि डबा यांच्यातली उंची-दरी कमी हवी, आणि बाजाराच्या स्टेशनांवर थांबा काही सेकंदांनी वाढवायला हवा. ही तिन्ही कामे गाडी कारखान्यात असतानाच आणि वेळापत्रक कागदावर असतानाच होतात. गाडी रुळावर आल्यावर कोणी ती बदलत नाही.

आणि नेमकी हीच वेळ आहे. मुंबई रेल्वे विकास महामंडळाने सप्टेंबर २०२५ मध्ये २,८५६ नव्या वातानुकूलित डब्यांची निविदा काढली, म्हणजे बारा डब्यांच्या हिशेबाने २३८ गाड्या. त्या गाड्यांत दोन्ही टोकांना विक्रेत्यांसाठी वेगळे डबे असतील, असे त्या वेळी सांगितले गेले. चांगली गोष्ट. कोणीतरी विचार केला. परंतु निविदेतला डबा आणि रुळावरचा डबा यांत पुष्कळ अंतर असते, हे आम्ही जुने लोक जाणतो. त्या डब्यात किती चौरस फूट मोकळी जागा, दार किती रुंद, मासळीची टोपली तेथे चालणार की नाही, आणि सर्वांत मोठा प्रश्न, त्याचे भाडे काय? वातानुकूलित गाडीचा मासिक पास साध्या दुसऱ्या वर्गाच्या पासाच्या कितीतरी पट आहे. डबा दिला आणि पास परवडेनासा केला, तर डबा न दिल्यासारखेच झाले. विक्रेत्यांच्या डब्याला साध्या दुसऱ्या वर्गाचाच दर लावावा, ही मागणी आत्ताच करावी लागेल.

सामानाच्या भाड्याचा गोंधळ वेगळाच. पासावर किती किलो फुकट नेता येते, त्यावर किती पडते, गुंडाळा लांब असेल तर काय, सायकलचे काय, शिलाई मशीनचे काय, हे दहा कारागिरांना विचारा, दहा उत्तरे मिळतील. ज्याला नियम ठाऊक नाही तो तपासनिसासमोर आधीच गुन्हेगार होऊन उभा राहतो, आणि मग पावतीची रक्कम आणि बिनपावतीची रक्कम यांची कुजबूज सुरू होते. माणसाचे तिकीट आता मोबाइलवर निघते. मग सामानाचे का निघू नये? निदान मशीदच्या प्रत्येक तिकीट खिडकीजवळ वजन, दर आणि दंड यांचा ठळक फलक मराठी, हिंदी व उर्दूत लावावा आणि बाजूला एक वजनकाटा ठेवावा. याला कोटी रुपये लागत नाहीत.

आता पूल. मशीद स्टेशनाच्या पूर्वेला पी. डिमेलो रस्ता आणि बंदराची गोदामे, पश्चिमेला बाजार आणि महंमद अली रोड. मध्ये रुळांचा पट्टा. हा पट्टा ओलांडण्यासाठी दक्षिणेला कर्नाक पूल होता, १८६८ सालचा. तो जुना झाला, जड वाहनांना बंद झाला, आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये मोठा ब्लॉक घेऊन पाडण्यात आला. नवा पूल १० जुलै २०२५ रोजी 'सिंदूर पूल' या नावाने सुरू झाला. अडीच वर्षांहून अधिक काळ बाजाराचा हा हात बांधलेला होता. टेम्पो आणि हातगाड्या लांबून फिरल्या, पूर्वेच्या गोदामातून पश्चिमेच्या दुकानात माल आणण्याची मजुरी वाढली, आणि ती वाढ शेवटी लहान गिऱ्हाइकाच्या बिलात उतरली. शेजारचा हँकॉक पूल २०१६ साली पाडला, तो पुन्हा उघडला २०२२ साली. सहा वर्षे! हे पूल धोकादायक होते, पाडायलाच हवे होते, यात वाद नाही. वाद आहे तो एवढाच की पुलाच्या खर्चात व्यापाऱ्याच्या वाया गेलेल्या वर्षांचा खर्च कोणी धरत नाही. कंत्राटदार उशीर करतो, पालिका रेल्वेकडे बोट दाखवते, रेल्वे पालिकेकडे दाखवते. आणि हमाल उन्हात वळसा घालत राहतो. याच हमालांसाठी महाराष्ट्राने १९६९ साली माथाडी कायदा केला, देशात पहिल्यांदा. ज्या शहराने डोक्यावर ओझे वाहणाऱ्यासाठी कायदा केला, त्याला त्याच माणसासाठी एक उतार बांधायला जड जाऊ नये.

उतार हा शब्द आम्ही मुद्दाम वापरतो. रेल्वेचे साहेब स्टेशनाची सुधारणा म्हटली की सरकता जिना दाखवतात. सरकता जिना मोकळ्या हाताच्या माणसाला चांगला. डोक्यावर गोणी घेतलेला माणूस त्यावर चढला तर स्वतःलाही धोका आणि मागच्यालाही. त्याला हवा तो पाऊल टेकत चढता येईल असा उतरता रस्ता, किंवा सामानासाठी मोठी लिफ्ट. २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोडच्या पादचारी पुलावर चेंगराचेंगरीत २३ माणसे गेली. पाऊस, अरुंद जिना, वर थांबलेली गर्दी आणि त्यातच ओझी घेतलेले लोक. अशा वेळी ओझेवाल्यावर खापर फोडणे सोपे असते. पण त्याला दुसरी वाट दिली होती का, हे कोणी विचारत नाही. मशीदच्या जिन्यांवर संध्याकाळी सहाला उभे राहून पाहावे. डोक्यावर खोके घेतलेला माणूस एका पायरीवर थांबतो आणि मागे शंभर माणसे थांबतात. येथे काही घडण्याची वाट पाहू नये.

त्या दुर्घटनेनंतर मुंबई उच्च न्यायालयाने स्टेशनापासून दीडशे मीटरच्या आत फेरीवाल्यांना मनाई असल्याचा निकाल दिला. मशीदच्या बाहेर पडताच लागणाऱ्या फेरीवाल्यांत आमचे लोक पुष्कळ आहेत, म्हणून हा विषय नाजूक आहे. आमचे म्हणणे आम्ही थोडक्यात सांगतो. जिन्याच्या तोंडाशी टोपली मांडणे चूक आहे, ते सोडावे. पण दीडशे मीटरच्या पलीकडे जागा आखून देण्याचे काम पालिकेने करावे. नुसते टेबल उचलून नेणे म्हणजे धोरण नव्हे.

रमजानच्या रात्रीविषयी एक मागणी येथे नोंदवतो. महिन्याच्या शेवटच्या दहा रात्री महंमद अली रोड, भेंडी बाजार, नळ बाजार, क्रॉफर्ड मार्केट येथे जी खरेदी-विक्री होते, तीत सर्व धर्मांचे गिऱ्हाईक येते आणि सर्व धर्मांच्या व्यापाऱ्यांचा धंदा होतो. कपडा विकणारा, चपला विकणारा, बांगड्यांवाला, शेवयांवाला, कित्येकांची वर्षाची कमाई या दहा रात्रींवर असते. पण शेवटच्या लोकल मध्यरात्रीनंतर लवकरच सुटतात. मग दुकानातला पोऱ्या पहाटेच्या गाडीपर्यंत फुटपाथवर झोपतो आणि मुंब्र्याचे, पनवेलचे गिऱ्हाईक घड्याळ पाहत अकरालाच उठते. गणपती विसर्जनाच्या रात्री, ३१ डिसेंबरच्या रात्री, ६ डिसेंबरच्या आदल्या रात्री रेल्वे विशेष लोकल सोडते आणि ते उत्तम करते. त्याच धर्तीवर या दहा रात्रींत दोनच्या सुमारास मुख्य मार्गावर कल्याणपर्यंत आणि हार्बरवर पनवेलपर्यंत एकेक गाडी सोडावी. रात्री रुळांच्या दुरुस्तीला वेळ लागतो, ही रेल्वेची अडचण खरी आहे. म्हणूनच आम्ही महिनाभर मागत नाही, दहा रात्री मागतो, आणि तारखा वर्षभर आधी कळवता येतात.

आमच्या लोकांनाही दोन शब्द सुनावले पाहिजेत. लगेजच्या डब्यात दाराशी गोणी टाकून तिच्यावर बसून पत्ते खेळणारे कोण आहेत? सामानाचे भाडे चुकवण्यात हुशारी मानणारे कोण आहेत? फलाटावर खोके फोडून कागद-पुठ्ठा तेथेच टाकणारे कोण आहेत? भाडे भरले, पावती घेतली, तर त्या पावत्यांवरूनच सिद्ध होईल की या स्टेशनातून एवढा माल जातो. पावती न घेऊन आपण स्वतःच कागदावरून नाहीसे झालो, आणि मग रेल्वे म्हणते सामानवाले थोडेच आहेत, तेव्हा आपण कपाळावर हात मारतो. ज्यांच्या माल नेण्याच्या वेळा सारख्या आहेत अशा दहा-बारा कारागिरांनी मिळून आठवड्याला एक टेम्पो ठरवला, तर जड माल त्यातून जाईल आणि डब्यावरचा ताण कमी होईल. काही मोहल्ल्यांत हे होऊ शकते. होत नाही, कारण शेजाऱ्याला आपला शेठ कळू नये असे प्रत्येकाला वाटते.

दाद कोठे मागायची, हेही माहीत असावे. तातडीच्या तक्रारीला १३९ हा क्रमांक आहे. पण डबा, दर, थांबा आणि उतार हे विषय फोनवर सुटणारे नाहीत. रेल्वेच्या विभागीय पातळीवर उपयोगकर्त्यांची सल्लागार समिती असते, तीत व्यापारी मंडळांचे प्रतिनिधी घेतले जातात. आमच्या बाजारातल्या किती संघटनांनी तेथे आपले नाव पाठवले आहे? सुकामेव्याचे, हत्यारांचे, प्लास्टिकचे, बॅगवाल्यांचे मंडळ प्रत्येकाचे वेगळे, लेटरहेड वेगळे, अध्यक्ष वेगळे. जीएसटीच्या वेळी सगळे एकत्र आले होते. स्टेशनासाठी एकदा यावे.

आणि रिकाम्या हाताने जाऊ नये. रेल्वेने मोजणी केली नसेल तर आपण करावी. एक आठवडा, सोमवार ते शनिवार, मशीदच्या चारही फलाटांवर लगेज डब्याच्या जागी दोन-दोन मुले उभी करावीत, सकाळी दहा ते एक आणि सायंकाळी पाच ते आठ. प्रत्येक गाडीची वेळ, ती साधी की वातानुकूलित, किती जण सामान घेऊन चढले, किती मागे राहिले, एवढे चारच रकाने. कॉलेजात शिकणारी आपली मुले हे काम सहज करतील, त्यांना दुपारचे जेवण आणि येण्याजाण्याचे भाडे दुकानदारांनी द्यावे. तो कागद खासदारांकडे, विभागीय व्यवस्थापकांकडे आणि रेल्वे विकास महामंडळाकडे एकाच दिवशी पोचता करावा, आणि पोच घ्यावी. नव्या डब्यांचे आराखडे कायम होण्याआधी हे झाले तरच उपयोग.